मराठवाड्यात सिनेमाचा सेट उभा करताना : प्रॉडक्शन डिझाइनमध्ये नव्यानं पडणाऱ्यांसाठी

नाटकाचं नेपथ्य केलंय, चित्रकलेचा डिप्लोमा झालाय, किंवा कुणीतरी "आर्टचं तेवढं तू बघ" म्हणून अख्खं खातं गळ्यात टाकलंय, अशांसाठी हे लिहिलंय. मोठ्या युनिटमध्ये प्रॉडक्शन डिझायनर सिनेमाचं एकूण रूप ठरवतो, कला दिग्दर्शक ते नकाशावर आणि जमिनीवर उतरवतो, सेट ड्रेसर सामान मांडतो आणि प्रॉपर्टीवाला नटाच्या हातात जाणाऱ्या वस्तू सांभाळतो. आपल्याकडच्या बजेटमध्ये ही चारही माणसं म्हणजे तुम्ही आणि सोबतची दोन पोरं. त्यामुळं कामाचा क्रम मोडला की सगळं एकाच दिवशी अंगावर येतं.

रीतसर शिकायचं असेल तर पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये कला दिग्दर्शन आणि प्रॉडक्शन डिझाइनचा स्वतंत्र अभ्यासक्रम आहे. घराजवळ छत्रपती संभाजीनगरात शासकीय कला महाविद्यालय आहे, विद्यापीठाचा नाट्यशास्त्र विभाग आहे. तिथून पाया चांगला मिळतो. बाकीचं पुढीलप्रमाणे.

१. आधी पटकथा फोडा

पटकथा तीनदा वाचा. पहिल्यांदा नुसती गोष्ट म्हणून, दुसऱ्यांदा पेन्सिल घेऊन, तिसऱ्यांदा तक्ता समोर ठेवून. तक्त्याचे रकाने असे ठेवा: सीन नंबर, आत की बाहेर, दिवस की रात्र, कथेतली तारीख, जागा, सेटवरचं सामान, हातातलं सामान, गाडी किंवा जनावर, आणि मोडणाऱ्या किंवा संपणाऱ्या वस्तू. नवखी मंडळी 'कथेतली तारीख' हाच रकाना कोरा सोडतात. मग सीन १२ आणि सीन ४० मध्ये चार वर्षांचं अंतर असतं आणि भिंतीवर कॅलेंडर मात्र तेच लटकत राहतं.

पटकथेत एकच ओळ असते: "आक्का चुलीवरून भाकरी उतरवते." तुमच्या तक्त्यात ती एवढी होते: पेटती चूल, वैल, तवा, काठवट, ज्वारीचं पीठ, पाण्याचं भांडं, उलथनं, फुंकणी, भाकरीची दुरडी, दुरडीतलं फडकं. पाच-सहा टेक आणि प्रत्येक टेकला दोन भाकऱ्या म्हटल्या तरी बारा होतात; दोन किलो पीठ सेटवर हवं आणि कॅमेऱ्याबाहेर बसून थापणारी एक बाई हवी, कारण नटीला पाचव्या टेकपर्यंत तशीच गोल भाकरी जमेल याची खात्री नाही. जळण महिनाभर वाळलेलं आणा. ओलं असेल तर धुरानं नटीचे डोळे लाल होतात आणि चुरचुर आवाजानं साउंडवाला वैतागतो. धूर जायला वाट आहे का, हे सेटच्या नकाशावरच ठरतं.

सीनवार यादी झाली की तीच जागेनुसार पुन्हा लावा. शूटिंग जागेनुसार होतं, त्यामुळं सामानाचा टेम्पोही जागेनुसारच भरायचा असतो.

२. काळ आणि जिल्हा पक्का करा

'ग्रामीण महाराष्ट्र' अशी कुठलीच जागा नसते. कथा परभणीतली असेल तर घर परभणीचं दिसलं पाहिजे. कोकणी कौलारू उतार किंवा कोल्हापुरी थाट इथं चालणार नाही. आपल्याकडं धाब्याचं घर, वर मातीचं माळवद, आत शिरताना ढाळज, भिंतीत दिवळी, धान्याला बळद किंवा कणगी, अंथरायला वाकळ. प्रत्येक वस्तू त्या घराच्या ऐपतीशी ताडून पाहा. कोरडवाहू दोन एकरांच्या घरात पितळी भांड्यांची उतरंड लागली की पहिल्या रांगेतली म्हातारी हसणारच.

काळाच्या चुका सगळ्यात जास्त होतात, आणि त्या बहुतेक वेळा पाटीवर किंवा भिंतीवर होतात. तपासायच्या गोष्टी:

- १७ सप्टेंबर १९४८ पूर्वीची कथा म्हणजे निजामाचं हैदराबाद संस्थान. सरकारी कागद, शिक्के, कचेरीच्या पाट्या उर्दूत. व्यवहारात हाली रुपया, त्यावर चारमिनार. इंग्रजांचा रुपया तो 'कलदार'. कचेरीत इंग्रज राजाची तसबीर लावाल तर फसाल, तिथं निजाम हवा. मराठवाडा मुंबई राज्यात आला तो १९५६ साली.
- जिल्हे बदलले आहेत. जालना जिल्हा १९८१ चा, लातूर १९८२ चा, हिंगोली १९९९ चा. १९७५ च्या कथेत लातूरच्या दुकानाच्या पाटीवर 'जि. उस्मानाबाद' हवं आणि हिंगोलीच्या पाटीवर 'जि. परभणी'. औरंगाबाद आणि उस्मानाबाद ही नावं सरकारी पाट्यांवरून गेली ती २०२३ मध्ये. विद्यापीठाच्या कमानीवर, पत्रांवर १४ जानेवारी १९९४ पूर्वी फक्त 'मराठवाडा विद्यापीठ'.
- गाड्यांच्या 'एमएच' मालिकेच्या पाट्या १९८९ पासून. त्याआधी 'एम' नं सुरू होणारी तीन अक्षरं. आता संभाजीनगर २०, जालना २१, परभणी २२, बीड २३, लातूर २४, धाराशिव २५, नांदेड २६ आणि हिंगोली ३८. बीडच्या कथेत उभ्या सगळ्या मोटारसायकली १२ नंबरच्या असतील तर शूटिंग पुण्याच्या युनिटनं केलंय हे पोराबाळांना कळतं.
- पिन कोड १५ ऑगस्ट १९७२ पासून. रुपयाचं आजचं चिन्ह २०१० पासून. १९९० च्या हॉटेलच्या दरफलकावर 'रु.' लिहा. दशमान नाणी १९५७ ची, त्याआधी आणे-पै. किलो-लिटर रुजेपर्यंत शेर आणि पायली.
- कालनिर्णय १९७३ पासून. १९६५ च्या भिंतीवर ते नको.
- गाजर गवत भारतात पसरलं ते १९५० नंतर. मुक्तिसंग्रामाच्या सीनला रान निवडलं आणि बांधावर गाजर गवत पांढरं फुललेलं असलं, तर चार गडी लावून ते उपटून घ्यावं लागतं. १९७० च्या लातूरला सोयाबीन नाही. ज्वारी, कापूस, तूर, भुईमूग दाखवा.
- हापसा गावोगाव आला तो १९७२ च्या दुष्काळानंतर. त्याआधी आड आणि विहीर.
- फ्लेक्स येण्यापूर्वी पाट्या हातानं, पत्र्यावर ऑइलपेंटनं रंगवत. संगणकातला फॉन्ट छापून वर रंगाचा हात मारलेला लगेच ओळखू येतो, कारण हातानं काढलेले दोन 'क' कधी तंतोतंत सारखे नसतात. जुना पेंटर शोधा. तालुक्याच्या गावात अजून एखादा असतो आणि त्याला हे काम मनापासून आवडतं.

कॅलेंडर छापून घ्यायचं असेल तर एक सोय आहे: १९७५ चे वार २०२५ शी जुळतात. पण तिथ्या आणि सण जुळत नाहीत, त्यामुळं आजचं कॅलेंडर नुसतं साल बदलून लावू नका.

संदर्भ कुठं मिळतात? गावातल्या लग्नांचे अल्बम. फोटोतली माणसं सोडा, त्यांच्या मागची भिंत बघा. वायरिंग लाकडी पट्टीवरून गेलंय का, बटणं काळी गोल आहेत का, पलंगावर चादर कसली, खुर्ची लोखंडी की प्लास्टिकची. जुन्या फोटो स्टुडिओवाल्यांकडं आणि तालुक्याच्या जुन्या वाचनालयातल्या वर्तमानपत्रांच्या फायलींतही बरंच सापडतं.

३. रेकी (जागा पाहून येणं)

दिग्दर्शक आणि कॅमेरामन सोबत असल्याशिवाय जागा पक्की करू नका. त्याआधी तुम्ही एकट्यानं जाऊन तीन-चार पर्याय काढून ठेवा. सोबत हवं: ५ मीटरचा आणि ३० मीटरचा टेप, होकायंत्र (मोबाइलमधलं चालतं), वही, खडू, टॉर्च.

प्रत्येक खोलीच्या चारही कोपऱ्यांतून फोटो, दाराची उंची आणि रुंदी, खिडकी जमिनीपासून किती वर, दार कुठल्या बाजूला उघडतं. जुन्या वाड्यांची दारं बुटकी असतात. नायक सहा फुटी असेल तर तो दर वेळी वाकणार, हे दिग्दर्शकाला आत्ताच सांगा. ऊन सकाळी कुठून येतं, चारला कुठं जातं, ते नकाशावर बाणानं दाखवा. मे महिन्यात अंगणात बारानंतर काम होत नाही, पारा बेचाळीसच्या पुढं असतो.

आवाज ऐका. पिठाची गिरणी, बोअरची मोटर, मोंढ्यातली हमाली, लग्नसराईतला डीजे. आठवडी बाजार कुठल्या वारी भरतो ते विचारा. टेम्पो गल्लीत वळतो का? जनरेटर किती लांब ठेवता येईल? पाणी टँकरचं की नळाचं?

माळवदावर कुणाला चढू देऊ नका. दगड-मातीच्या रुंद भिंती आणि वर मातीचा जाड थर, असं हे बांधकाम. वाळवी लागलेली तुळई खालून धड दिसते. पावसानंतर मातीचं वजन वाढतं. तुळईला लाइट टांगायचा आग्रह कॅमेरा विभागाकडून येतोच, तिथं सरळ नाही म्हणा आणि खालून स्वतंत्र लोखंडी पाइपांचा सांगाडा करून द्या.

औसा-उमरगा भागात जुनं गाव शोधत फिरणाऱ्यांनी एवढं लक्षात घ्यावं: ३० सप्टेंबर १९९३ च्या किल्लारी भूकंपानंतर तिथली कितीतरी गावं नव्या जागी, सरळ रेषेतल्या गल्ल्यांमध्ये वसली. १९८० ची वाकडीतिकडी गल्ली तिथं मिळणार नाही. उलट आजची कथा त्याच भागातली असेल तर ती सरळ गल्ली, एकसारखी घरं हेच खरं रूप आहे. जुना वाडा शोधून आणण्यात अर्थ नाही.

जागा आवडली तरी 'काढून टाकायच्या' गोष्टींची वेगळी यादी करा: काळ्या प्लास्टिकच्या टाक्या, डिश, सौर पॅनेल, मोबाइल टॉवर, सिमेंटचा रस्ता, पेव्हर ब्लॉक, घराबाहेरच्या सरकारी योजनांच्या पाट्या. टाकीवर गोणपाट आणि कडबा टाकता येतो. रस्त्यावर माती पसरता येते: शंभर फूट लांब, दहा फूट रुंद रस्त्यावर दोन इंचांचा थर म्हणजे सुमारे १६५ घनफूट माती. टॉवर मात्र हलत नाही, कॅमेऱ्याचा कोन बदलावा लागतो.

४. परवानग्या आणि कागद

हे काम निर्मिती विभागाचं, पण अडकतं ते तुमचं. म्हणून यादी तुमच्याकडंही असू द्या:

- जागामालकाशी मुद्रांकावर करार, त्यात 'काय रंगवणार, काय काढणार, परत कसं करून देणार' हे तीन मुद्दे लिहिलेले. वाडा सामाईक असेल तर सगळ्या भावांच्या सह्या. एक भाऊ पुण्यात असतो आणि शूटिंगच्या आदल्या दिवशी त्याचा फोन येतो.
- ग्रामपंचायतीचं ना हरकत पत्र, पोलीस ठाण्याला लेखी कळवल्याची पोच. सरकारी जागांसाठी गोरेगाव चित्रनगरीतून कारभार चालवणाऱ्या सांस्कृतिक विकास महामंडळाची एक खिडकी योजना आहे.
- अजिंठा, वेरूळ, दौलताबाद, बिबी का मकबरा ही स्मारकं भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षणाकडं. नळदुर्गसारखे किल्ले राज्याच्या पुरातत्त्व विभागाकडं. दारातल्या पाटीवर कुणाचं नाव आहे ते आधी वाचा. केंद्रसंरक्षित स्मारकापासून १०० मीटर हा बांधकामाला प्रतिबंधित पट्टा आहे, त्यामुळं तिथं सेट उभारायचा विचार सोडा. खिळा तर कुठल्याच स्मारकाला ठोकायचा नाही.
- बैल, शेळ्या, कोंबड्या फ्रेममध्ये येणार असतील तर प्राणी कल्याण मंडळाची पूर्वपरवानगी लागते. तुमच्या तक्त्यातला 'जनावर' हा रकाना निर्मितीवाल्यांना पहिल्या आठवड्यातच द्या.

आणि तीन गोष्टी थेट तुमच्या अंगाशी येणाऱ्या. एक, खोट्या नोटा छापू नका. नोटेसारखा दिसणारा कागद तयार करणं हाच भारतीय न्याय संहितेच्या कलम १८२ खाली गुन्हा आहे. गड्डीच्या वर-खाली खरी नोट आणि मध्ये कोरे कागद, हे पुरतं. दोन, पोलीस ठाण्याच्या सेटवर अशोकस्तंभ लावताना निर्मितीकडून लेखी होकार घ्या, राजमुद्रेच्या वापरावर २००५ चा कायदा आहे. तीन, पानटपरी. तंबाखूचा ब्रँड पडद्यावर दिसता कामा नये, आणि आपल्याकडच्या टपरीवर तर पुड्यांच्या माळाच लटकतात. स्वतः डिझाइन केलेल्या पुड्या छापून माळा लावा. नंतर संगणकावर पुसत बसण्यापेक्षा हे फार स्वस्त पडतं.

५. लेन्स विचारल्याशिवाय नकाशा काढू नका

सेट किती मोठा आणि किती उंच बांधायचा, हे कॅमेऱ्याला काय दिसतं त्यावर ठरतं. हिशोब सोपा आहे:

फ्रेमची रुंदी = अंतर × सेन्सरची रुंदी ÷ लेन्सचा एमएम

सेन्सर म्हणजे कॅमेऱ्यातला चित्र टिपणारा भाग. सुपर ३५ या प्रकारचा सेन्सर सुमारे २५ मिलिमीटर रुंद धरा. २५ ची लेन्स लावली की जेवढं अंतर तेवढीच रुंदी: १२ फुटांवरून १२ फूट भिंत दिसते. ५० च्या लेन्सला तीच ६ फूट. फ्रेमचं प्रमाण (रुंदी भागिले उंची) २.३९ असेल तर १२ फूट रुंदीला उंची फक्त ५ फूट, १.८५ असेल तर साडेसहा. म्हणजे कॅमेरा सरळ ठेवून घेतलेल्या शॉटला छत दिसतच नाही. दिग्दर्शकाला खालून वर बघणारे कोन आवडतात का, ते विचारा. उत्तर 'नाही' असेल तर छताचा खर्च वाचला. फुल फ्रेम (मोठ्या सेन्सरचा) कॅमेरा असेल तर २५ च्या जागी ३६ घाला.

दहा बाय दहाचं खरं स्वयंपाकघर शूटिंगला पुरत नाही. ट्रायपॉड आणि मागचा माणूस मिळून चार फूट खातात, नटासाठी सहा उरतात. सेट बांधणार असाल तर १२ बाय १४ ठेवा आणि एक भिंत निघेल अशी करा. ती खिळ्यांनी ठोकू नका, नट-बोल्टनं जोडा.

नकाशा पाव इंचाला एक फूट या मापानं काढा. वरून दिसणारा आराखडा, प्रत्येक भिंतीचं समोरून चित्र, आणि शक्य असेल तर पुठ्ठ्याचं छोटं मॉडेल. स्केचअप (संगणकावर नकाशे काढायचं सॉफ्टवेअर) येत असेल तर उत्तम, पण सुताराच्या हातात कागदच द्या आणि त्यावर मापं फुटात लिहा.

६. अंदाजपत्रक

प्रत्येक वस्तूपुढं चारपैकी एक अक्षर लिहा: वि (विकत), भा (भाड्यानं), ब (बनवून), उ (उसनं). 'उ' जास्त झाले तर काळजी करा. उसन्या वस्तू सांभाळायला एक वेगळा माणूस लागतो.

साहित्याचा हिशोब कसा करायचा, त्याचं उदाहरण. १२ बाय १४ ची खोली, तीन भिंती, उंची १० फूट. लांबी १२ + १४ + १४ = ४० फूट, क्षेत्रफळ ४०० चौरस फूट. ८ बाय ४ चा एक प्लाय ३२ चौरस फूट, म्हणजे साडेबारा; कटिंगची नासधूस धरून १४ घ्या. दारं-खिडक्या वजा करू नका, ते तुकडे चौकटीच्या जाडीला लागतात. रिपा (प्लायच्या मागं ठोकायच्या लाकडी पट्ट्या): एका ८ बाय ४ च्या चौकटीला कडेनं २४ फूट आणि मध्ये दोन आडव्या ८ फूट, मिळून ३२. चौदाला ४५० फूट.

मजुरी, टेम्पो, हमाली आणि सेट उतरवणं हे चार आकडे विसरले जातात. वर १० ते १५ टक्के राखीव ठेवा आणि तो आकडा निर्मात्याला उघड सांगा. लपवलेला राखीव निधी दुसऱ्याच बैठकीत कापला जातो. छोट्या विक्रेत्यांकडं बिल नसतं, त्यांच्यासाठी व्हाउचर बुक जवळ बाळगा.

७. सांगाडा

आतल्या सेटला ६ मिलिमीटरचा प्लाय आणि २ बाय १ इंचाच्या रिपा चालतात. नट ज्यावर आदळणार, चढणार किंवा जोरात दार लावणार, तिथं १२ ची जाडी. दाराच्या चौकटीला मागून स्वतंत्र टेकू द्या, नाहीतर दार आपटलं की अख्खी भिंत थरथरते आणि ते पडद्यावर हमखास दिसतं.

उघड्या माळावर सेट असेल तर वाऱ्याचा विचार आधी. ताशी ५० किलोमीटरच्या वाऱ्यात १२ बाय ८ फुटांच्या एका फ्लॅटवर (प्लाय-रिपांच्या सुट्या भिंतीवर) शंभर किलोहून जास्त रेटा येतो. एप्रिल-मेमध्ये दुपारनंतर वळिवाचं वादळ दहा मिनिटांत उठतं. दर चार फुटांवर टेकू, प्रत्येक टेकूच्या पायाला २५-३० किलोच्या वाळूच्या दोन गोण्या, आणि बल्ल्या (लाकडी वासे) जमिनीत दोन फूट. काळ्या रानात भेगा पडलेल्या असतात. बल्ली घट्ट वाटते आणि पाऊस पडला की सैल होते. तिथं खड्डा मुरूम-दगडांनी ठासून भरा.

८. भिंत, लिंपण, रंग

सेट खरा की खोटा हे बहुतेक वेळा भिंतीवरच ठरतं. ताजा गुळगुळीत प्लाय ही भिंत नव्हे.

मातीची भिंत करायची तर पांढरी माती आणा, काळी नको. काळी माती ओली झाली की फुगते, वाळली की आक्रसते, आणि दुसऱ्या दिवशी तिला बोटभर रुंद भेगा पडतात. तीन घमेली पांढरी माती, एक घमेलं शेण आणि ओंजळभर गव्हाचं भुसकट, दोन दिवस भिजवून पायानं तुडवा. प्लायला माती धरत नाही, म्हणून आधी फेविकॉल पाण्यात पातळ करून एक हात, त्यावर गोणपाट किंवा कोंबड्यांची जाळी स्टेपलरनं घट्ट मारा, मग दोन हातांत मिळून पाऊण सेंटीमीटर थर. पहिला हात ओलसर असतानाच खरवडून ठेवा, दुसरा त्यावर बसतो. चारशे चौरस फुटांना ही ओली माती अर्ध्या टनाच्या आसपास भरते, त्यामुळं लिंपणाच्या फ्लॅटला रिपा दुप्पट लावा. उन्हात काम करू नका. वरचा पापुद्रा आधी वाळतो आणि सुटतो. पहाटे किंवा संध्याकाळी लिंपा, दिवसा ओलं गोणपाट टांगून ठेवा.

चुन्याचा हात दिला की ओला असताना काहीच दिसत नाही आणि वाळल्यावर एकदम पांढरा होतो. नवखा माणूस घाबरून आणखी दोन हात मारतो. थांबा, वाळू द्या. नटांच्या कपड्याला लागू नये म्हणून चुन्यात डिंक किंवा थोडं फेविकॉल घाला. चुना विरवताना तो तापतो, उसळतो. डोळ्याला चष्मा हवाच. शुभ्र पांढरा कॅमेऱ्यात जळतो, म्हणून चिमूटभर पिवडी (पिवळ्या मातीचा रंग) घालून उतरवा. निळसर भिंत हवी तर नीळ. खाली गेरूचा पट्टा ओढताना पट्टी लावून सरळ ओढू नका, दोरीनं आखून हातानं भरा.

मग भिंत जुनी करायची. याला सेटवर एजिंग म्हणतात आणि यात सगळ्यात जास्त अति होतं. डाग कुठं पडतो याला कारण असतं. माणसं भिंतीला टेकून बसतात, तिथं जमिनीपासून अडीच-तीन फुटांवर डोक्याच्या तेलाचे गोल डाग. चौकटीवर हाताच्या उंचीला काळपट तकाकी. दिवळीच्या वर काजळीची जीभ, चुलीच्या मागं काळं आणि वर जाताना तपकिरी. बाहेरच्या भिंतीवर पावसाचे शिंतोडे दीड फुटापर्यंत. खिळा काढलेल्या जागी भोक, तसबीर काढलेल्या जागी उजळ चौकोन. कारण नसलेला डाग नुसता मळ दिसतो. कात उकळून केलेलं पातळ पाणी आणि काजळी यांवर बरंचसं काम भागतं. स्प्रे मशीन जपून वापरा, त्याचे ढग एकसारखे पडतात.

जमीन आदल्या संध्याकाळी सारवा, रात्रभर वाळू द्या. सारवण बाईमाणसाकडूनच करून घ्या, ब्रशनं केलेल्याला हाताच्या अर्धगोल रेघा येत नाहीत. डॉलीची (कॅमेरा ठेवायच्या गाडीची) चाकं त्यावरून गेली तर पोपडे निघतात, म्हणून चाकांखाली प्लायच्या पट्ट्या.

प्रत्येक रंगाचा दोन बाय दोन फुटांचा नमुना करून कॅमेरामनच्या लाइटखाली बघा. चुलीजवळ थर्माकोल अजिबात नको. वाळूच्या दोन बादल्या आणि आग विझवायचा सिलिंडर जवळ असू द्या.

९. सामान कुठून

मुंबईहून भाड्यानं आणलेलं 'गावाकडचं सामान' एकाच गोडाउनमधलं असतं आणि दर तिसऱ्या मालिकेत दिसलेलं असतं. आपल्याकडं खरं सामान आहे. भंगारवाल्यांकडं जुने पत्रे, दारं, जर्मनची भांडी. मोडलेल्या वाड्यांच्या चौकटी आणि खांब विकणारे वेगळे. बैलांच्या झुली, घागरमाळा, गोंडे, घोंगड्या हव्यात तर मार्गशीर्षात नांदेड जिल्ह्यातल्या माळेगावच्या खंडोबाच्या यात्रेला जा. आडतीवरून रिकामी पोती, जुना काटा मिळतो.

घराघरांतून मागताना म्हातारीला विचारा, पोराला नको. जातं, पाटा-वरवंटा, उखळ परसात पडलेलं असतं. घेताना फोटो काढा, मागं खडूनं घराचं नाव लिहा, वहीत सही घ्या. देवघरातली मूर्ती मागू नका, विकत आणा.

नवी वस्तू तशीच ठेवू नका. पितळेची झळाळी चिंचेनं जाते असं नाही, वाढते. ती मारायची तर राख-तेलाचा हात देऊन भांडं पुसून घ्या.

१०. शूटिंगच्या दिवशी

युनिटच्या दोन तास आधी सेटवर. सीन सुरू होण्यापूर्वी आणि संपल्यावर प्रत्येक भिंतीचा, प्रत्येक टेबलाचा फोटो, फोटोत सीन नंबरची पाटी. कंदिलातलं तेल किती, काच किती काळी, मेणबत्ती किती उंच, ताटात काय उरलं, हे लिहून ठेवा. मोडणाऱ्या वस्तू टेकच्या अंदाजापेक्षा दोन जास्त. चहाचे कप फुटण्याचा सीन असेल तर सगळे कप एकाच दुकानातून, एकाच दिवशी घ्या. महिन्यानं तोच नग मिळत नाही.

कॅमेऱ्याच्या मॉनिटरमध्ये बघा, नुसत्या डोळ्यांनी नको. बारीक चौकडीच्या लुंग्या-चादरी पडद्यावर लहरी मारतात, त्या तिथंच कळतात. कोपऱ्यात युनिटची पाण्याची बाटली राहिली आहे का, तेही तिथंच दिसतं.

दिग्दर्शक ऐनवेळी "इथं एक खाट हवी" म्हणणारच. टेम्पोत एक जादा खाट, दोन वाकळा, चार गोणपाटं, एक कंदील, सुतळीचा बंडल, खिळे, गेरू, काजळी आणि धुळीसाठी चाळलेली माती कायम ठेवा.

११. उतरवणं

शेवटचा शॉट झाला की सगळे निघून जातात आणि तुम्ही मागं राहता. दिग्दर्शक आणि कॅमेरामन दोघांकडून "या सेटवर आता काही नाही" असं लेखी, निदान मेसेजवर घ्या, मगच पहिला बोल्ट काढा. फ्लॅट नंबर टाकून उतरवा, पुढच्या सेटला लागतात. खिळे चुंबकानं वेचा. अंगणात दुसऱ्या दिवशी गुरं येतात. रस्त्यावर टाकलेली माती पावसाआधी उचला, नाहीतर चिखल होऊन ग्रामपंचायत पुढच्या युनिटला पाऊल ठेवू देणार नाही.

उसन्या वस्तू वहीतल्या क्रमानं, दिवसाउजेडी, ज्याची त्याच्या हातात. रंगवलेली भिंत करारात लिहिल्याप्रमाणं परत रंगवून द्या, आधीचे फोटो आणि आत्ताचे फोटो मालकाला शेजारी ठेवून दाखवा आणि 'जागा सुस्थितीत मिळाली' या कागदावर सही घ्या. तो कागद दिल्याशिवाय निर्मिती विभाग अनामत सोडत नाही, आणि तुमचं शेवटचं बिलही.